जामिनाची अट

दुपारपर्यंत माझं मौन असतं. कानांनी मात्र ते व्रत कधीच घेतलं नाही. कोर्टाबाहेरच्या बाकावर शेजारी एक निवृत्त हेडमास्तर, त्यांची बायको आणि वकीलबाई बसल्या होत्या. सुनेने छळाची तक्रार केली होती. अटकपूर्व जामिनासाठी त्यांचा पुकारा व्हायचा होता.

“सर, तक्रारीनंतर सुनेला फोन केलात?”

“केला. पाण्याच्या मोटरचं बटण कुठलं, तेवढं विचारलं.”

“आणि काल?”

“काल बनियन सापडेना.”

“अहो, अंगातच होता तुमच्या!”

“तेच सांगितलं तिने. आधी अंगावर बघा म्हणाली.”

“सर, जामीन नाकारला तर अटक होईल. तक्रारदारावर दडपण आणताय म्हणतील.”

“मी कसलं दडपण आणणार? मांजरसुद्धा माझ्या खुर्चीवरून उठत नाही.”

“तक्रारीत लिहिलंय, घरात तिच्याशिवाय कुणी इकडची काडी तिकडे करत नाही.”

“साफ खोटं! पेपर मीच आत आणायचो.”

“तिने दोनदा हाक मारल्यावर.”

“तू कुणाच्या बाजूने आहेस गं?”

“तुमच्याच. आरोपी नंबर दोन मीच आहे.”

पुकारा झाला. तिघं आत गेली आणि हसत बाहेर आली.

“सुटलात सर! पण अट पाळा. सुनेशी संपर्क नाही, फोनसुद्धा नाही.”

“कबूल, एकदम कबूल.”

हेडमास्तर दोन पावलं चालून थांबले. बायकोकडे बघितलं. बायकोने वकीलबाईंकडे बघितलं. शेवटी हेडमास्तरांनीच विचारलं,

“वकीलबाई, मग रात्रीची गोळी पांढरी की पिवळी, हे मी विचारायचं कुणाला?”