सातव्या प्रकरणातलं वाक्य

हॅलो?… हो ताई, मीच. बोल… नाही गं, झोपले नव्हते. टेबलाशी बसलेय, पुढ्यात ह्यांच्या पुस्तकाची शेवटची प्रुफं… हो, तेच. ‘काळाचे मापन आणि दिशा’. एकोणीस वर्षांनी एकदाचं छापून येतंय… हस, हस. काळावरचं पुस्तक आणि एक प्रकरण वेळेत नाही, हे तू कितव्यांदा म्हणतेयस?

हे? चष्म्याची काडी तुटली, ती बसवायला गेलेत… झाला की तास. पाच वाजता छापखान्याचा माणूस प्रुफं न्यायला येणार, आणि मी लाल पेन घेऊन बसलेय… अगं ऐक ना. मला ह्यातलं एक वाक्य खोडायचंय.

नाही, चुकलेलं नाही. माझं आहे.

माझं म्हणजे माझं. मी घातलेलं… हो, ह्यांच्या पुस्तकात… हळू, कान गेला माझा. सांगते. आपलं ते नाटक बुडलं होतं, आठवतं? दहा-एक वर्षं झाली… बरोब्बर, तू तिकिटं घेऊन नाट्यगृहाच्या दारात उभी. हे ‘अर्ध्या तासात येतो’ म्हणाले आणि प्रयोगशाळेतून उगवले चार तासांनी. मी तयार होऊन, पर्स मांडीवर घेऊन बसलेली. रिकामं किती बसणार, म्हणून सातवं प्रकरण टाइप करायला घेतलं… मीच करते ना नेहमी, ह्यांचं अक्षर आणखी कुणाला लागतंय? तर त्यात दोन घड्याळं होती, एक जागच्या जागी, दुसरं फिरतं, असं काहीतरी. माझं डोकं तापलेलं. मध्येच दिलं एक वाक्य ठोकून… पाठ आहे, ऐक. ‘वाट पाहणाऱ्याचे घड्याळ आणि वाट पाहायला लावणाऱ्याचे घड्याळ एकाच भिंतीवर टांगले, तरी त्यांत एकच वेळ दिसत नाही.’

झालं हसून?… अगं, पुसणारच होते. पण हे आले, भांडण झालं, दोन दिवस अबोला, आणि ते राहूनच गेलं… कुठलं विचारतायत? एक स्वल्पविराम हलला तर ताटावरून उठून येतात, पण ह्यावर कधी अवाक्षर नाही. मला वाटलं, नजरेतून सुटलं. आणि मग मीही विसरून गेले, खोटं कशाला बोलू.

आता काय झालं म्हणजे? परवा पत्र आलं. प्रकाशकांनी पुस्तक त्या विद्यापीठातल्या बाईंना वाचायला दिलं होतं ना… हो, त्याच, कुणाचंच कौतुक न करणाऱ्या. त्या लिहितात, सगळ्या ग्रंथाचा गाभा सातव्या प्रकरणातल्या एका वाक्यात आलाय… हो. तेच… हो गं, तेच! आणि आता प्रकाशकांना ते मागच्या कव्हरवर छापायचंय. मोठ्या अक्षरात. खाली ह्यांचं नाव.

ह्यांनीच वाचून दाखवलं मला पत्र. त्या वाक्यापाशी आले, थांबले, पाणी प्यायले, आणि घडी घालून ठेवून दिलं.

गप्प कशी बसू?… उद्या भर सभेत कुणी विचारलं, हे सुचलं कसं, तर हा माणूस काय सांगणार? खोटं बोलता येतं का त्यांना? चहा आवडला म्हणतानासुद्धा अडखळतात. एकोणीस वर्षं घासून केलेलं काम, आणि मी त्यात माझा राग घालून ठेवला. लाज वाटतेय मला, ताई. खरंच.

सांगून टाकू? आणि मग ह्यांनी सगळं पुस्तक पहिल्यापासून तपासायला घेतलं की? आणखी एकोणीस वर्षं? नको बाई. गुपचूप खोडते… कव्हरवर घालतील दुसरं काहीतरी. थांब, पान शोधू दे. दोनशे दहा… अकरा… हं, दोनशे बारा. खालून चौथी ओळ. आहे. ‘वाट पाहणाऱ्याचे…’

अगं, ह्याच्यापुढे तारा आहे.

तारा गं. खाली टीप असली की छापतात ती खूण… मी नाही घातली. मी पाठवलेल्यात नव्हतीच… अच्छा. म्हणून गेल्या आठवड्यात स्वतः छापखान्यात जाऊन आले. मला म्हणाले, कागद बघून येतो.

वाचते, थांब. केवढं बारीक… ‘हे वाक्य माझे नाही. माझ्या पत्नीने ते मजकुरात घातले.’ पुढे कंसात माझं नाव. पूर्ण आहे, आपल्या माहेरच्या आडनावासकट… हो, बाबांचंच… थांब ना, संपलं नाहीये. ‘दहा वर्षांपूर्वी ते प्रथम दिसले, तेव्हा मी ते काढून टाकणार होतो. पुढची पाच प्रकरणे ते समजून घेण्यासाठी लिहिली.’

…

आहे. आहे मी फोनवर.

नाही रडत… बरं, रडतेय. चांगलं वाटतंय म्हणून रडतेय, तू नको सुरू होऊस.

दहा वर्षं, ताई. एका शब्दानं बोलले नाहीत. मला वाटत होतं, मी लपवतेय.

दार वाजलं… आलेत. उंबऱ्यातच थांबलेत. माझ्या हातात कुठलं पान आहे ते बघतायत, आणि कान असे लाल झालेत ना… मी लाल पेनाला टोपण लावतेय.

ठेवते गं… नाही, मग नाही करणार फोन. आज नाही.