श्रावणातली ज्वारी

काकू, सरांचे सहकारी, आणि एकेकाळी माझ्याबरोबर वर्गात बसलेल्या मित्रमैत्रिणींनो,

सरांच्या शोकसभेत बोलायला उभा राहिलोय खरा. पण एम.ए. अर्धवट सोडलेला मी सरांवर बोलणार. सरांनाच हसू आलं असतं.

सर विद्यापीठात इतिहास शिकवायचे आणि सुट्टीत ऐतिहासिक कादंबऱ्या लिहायचे. नवं प्रकरण झालं की आधी वर्गात वाचून दाखवायचे. आठवतंय? एकदा त्यांचा घोडेस्वार सोलापूरच्या किल्ल्यातून निघाला. महिना श्रावणाचा. सीना नदी ओलांडून मंद्रूपच्या शिवारात आला आणि डोक्याएवढ्या ज्वारीत लपला.

मी मंद्रूपचा. ताडकन उठलो. "सर, श्रावणात कुठली ज्वारी? आमच्याकडं पेरणीच नंतर होतीय की!"

मागून कुणीतरी ओरडलं, "बसा, कृषी अधिकारी!" वर्ग हसला. पुढच्या बाकावरची गिरिजाही हसली. बाकीच्यांचं हसणं मला ऐकूसुद्धा आलं नाही. सर म्हणाले, "शांत बस." मी वही आपटली आणि निघालो. परत वर्गात गेलोच नाही.

दिवस श्रावणाचेच होते. त्याच रविवारी सर एसटीनं मंद्रूपला हजर! वडिलांना म्हणाले, "रान दाखवता का?"

"काय बघणार सर? मोकळंच हाय की."

सर चपला हातात घेऊन काळ्या चिखलात उतरले. चहूकडं बघितलं. "माझी दोन पानं गेली," म्हणाले आणि हसले. "आता स्वाराला कुठं लपवू, ते तूच सांग."

आम्ही त्याला ओढ्याकाठच्या बाभळीत लपवला.

तेव्हापासून प्रत्येक प्रकरण आधी माझ्याकडं. मी मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात कामाला. सर काउंटरवर कागद पसरून वाचायचे, गिऱ्हाईकं खोळंबायची. वाचून झालं की एकच प्रश्न. "एम.ए.चा फॉर्म भरलास का? पोरगी हसली म्हणून कुणी शिक्षण सोडतं का रे?"

"तुमच्या कादंबरीतला राजपुत्र राज्य सोडतोय की, सर."

"अरे, त्याच्याकडं सोडायला राज्य होतं!"

गेल्या महिन्यात दवाखान्यातही तेच विचारलं. "फॉर्म भरलास का?" मी म्हणालो, "भरला, सर." त्यांनी माझा हात दाबला.

खोटं होतं ते. जन्मभर प्रत्येक गोष्टीला पुरावा मागणाऱ्या माणसानं माझ्याकडं पुरावा मागितला नाही.

काकू, आज सकाळी भरला. खिशात आहे बघा पोच. दाखवायची कुणाला?

गिरिजा, तूही आलीयस. तुझा राग कधीच नव्हता. जे होतं ते इथं बोलायचं नाही, पण सरांना ठाऊक होतं.

तास सुरू करताना सर खडू टेबलावर ठेवायचे आणि वर्ग गप्प होईपर्यंत नुसते उभे राहायचे. उभं राहायचं काम सरांचं, म्हणून आज आपण उभं राहायला नको. आपापल्या जागी बसूनच दोन मिनिटं शांत राहूया.

त्या दिवशी वर्गात सरांचं 'शांत बस' मी ऐकलं नव्हतं.

सर, आज बसतो.