सहा शब्द अस्पष्ट

(मॅसॅच्युसेट्समधल्या एका जुन्या दप्तरखान्याची खोली. दुपार. नोरीनसमोर हस्तलिखिताचं छायाचित्र, ऑरिनसमोर ब्रॅकेट यांच्या कागदपत्रांच्या नव्या खंडाची, उद्या छपाईला जायची पानं.)

नोरीन : "जी स्वतःच्या पायांनी", स्वल्पविराम, "या न्यायालयात चालत आली", स्वल्पविराम, "तिला कुणाची वस्तू कसे म्हणावे", प्रश्नचिन्ह.

ऑरिन : जुळलं.

नोरीन : हे तर मी झोपेतही म्हणेन. चौथीत बाईंनी कोर्टाच्या भिंतीसमोर उभं करून पाठ करून घेतलं होतं. वर ब्रॅकेटसाहेबांचा दगडी चेहरा, खाली हे वाक्य, आणि आम्ही थंडीनं कुडकुडतोय.

ऑरिन : ते वाक्य दगडावर कोरण्याआधी मीच तपासून दिलं होतं. पुढे वाच.

नोरीन : आता कागदाची मागची बाजू. कागद अल्बममध्ये चिकटवलेला होता, गेल्या महिन्यात सोडवल्यावर दिसली, ती. म्हणून तर तो पुन्हा छापतोय. "लेदरबी यांच्या भाषणावर मालकातर्फे माझे उत्तर", पूर्णविराम.

ऑरिन : हं. पुढे.

नोरीन : जुळलं म्हणा.

ऑरिन : पुढे वाच गं.

नोरीन : तुम्ही "जुळलं" म्हणेपर्यंत पुढची ओळ वाचायची नाही, हा तुमचाच नियम. पहिल्या दिवशी एका स्वल्पविरामासाठी तुम्ही मला हातातलं सँडविच खाली ठेवायला लावलं होतं.

ऑरिन : माझ्या पानावर ते नाहीये.

नोरीन : मग काय आहे?

ऑरिन : कंसात, "सहा शब्द अस्पष्ट".

नोरीन : अस्पष्ट? एवढं टपोरं अक्षर? माझी आई चष्म्याशिवाय वाचेल.

ऑरिन : शाई फुटली आहे तिथे.

नोरीन : कुठे? दाखवा. उंदरांनी कुरतडलेली पत्रं वाचणारा माणूस तुम्ही. तुम्हाला हे वाचता आलं नाही?

ऑरिन : नोरीन, उद्या सकाळी पानं छापखान्यात जातात.

नोरीन : थांबा, थांबा. "मालकातर्फे." म्हणजे ब्रॅकेट त्या व्हायोलेटचा वकील नव्हताच?

ऑरिन : हळू बोल. दार उघडं आहे.

नोरीन : ती गुलाम बाई स्वातंत्र्य मागायला कोर्टात आली, तेव्हा तिच्या बाजूनं लेदरबी बोलला. ब्रॅकेट तिच्या मालकाचा वकील, समोर बसून लिहून घेत होता. उत्तर द्यायचं म्हणून. आणि आपण ते भाषण त्याचंच म्हणून छापलं!

ऑरिन : आपण नाही. मी. पहिल्या खंडात. अठ्ठावीस वर्षं झाली. तेव्हा कागदाची एकच बाजू दिसत होती. अक्षर त्याचं होतं, मी शब्दही त्याचेच धरले. वकील समोरच्याचं बोलणं टिपून घेतात, हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. पण वाक्य इतकं सुंदर होतं... मला ते त्याचंच असायला हवं होतं.

नोरीन : देश उभारणाऱ्यांपैकी एक, गुलाम बाईसाठी लढलेला. लोक त्याला या एका खटल्यानंच ओळखतात.

ऑरिन : ते मला नको सांगूस.

नोरीन : अठ्ठावीस वर्षांपूर्वीचं ते चूक म्हणून सोडून देता येईल, ऑरिन. पण हे "अस्पष्ट" चूक नाही.

ऑरिन : तीन आठवडे झाले मला कळून. रोज सकाळी येतो, भिंग लावतो. वाटतं, आज काहीतरी वेगळं वाचता येईल.

नोरीन : संचालकबाईंना बोललात?

ऑरिन : नाही. जुलैत कोर्टाच्या पायऱ्यांवर मुलं तेच वाक्य म्हणणार आहेत. त्यात माझा सत्कार. मी म्हटलं, हा माझा शेवटचा खंड. मी गेल्यावर कुणीतरी दुरुस्त करील.

नोरीन : कुणीतरी म्हणजे कोण? या खुर्चीत मलाच बसवायचं चाललंय ना?

ऑरिन : तू नीट करशील.

नोरीन : गोड बोलू नका. पानाखाली दोघांच्या सह्या लागतात. माझी आत्ता हवी आहे तुम्हाला.

ऑरिन : हो. एवढं एकच मागतोय.

नोरीन : नाही देणार. आणि एक सांगा, वाचायला मला का बसवलंत? पर्सीला बसवायचं. तो जेवल्यावर अर्धा झोपेत असतो, त्यानं "अस्पष्ट" ऐकून मान डोलावली असती.

ऑरिन : पर्सीचंच नाव लिहिलं होतं कामाच्या तक्त्यावर.

नोरीन : मग?

ऑरिन : सकाळी खोडलं. का, ते विचारू नकोस. माझ्यासारख्या भित्र्या माणसाला सरळ काही करता येत नाही.

नोरीन : पुढे वाचू?

ऑरिन : वाच.

नोरीन : "ज्यूरीने तिला मुक्त केले", पूर्णविराम. "मी हरलो", पूर्णविराम.

ऑरिन : जुळलं.

नोरीन : बघा. त्याला लिहिता आलं.

ऑरिन : टोमणे पुरेत. लाल पेन घे. तो कंस खोड, सहाही शब्द घाल. आणि खाली तळटीप. "पहिल्या खंडात हे भाषण ब्रॅकेट यांचे म्हणून छापले गेले..."

नोरीन : छापले गेले? आपोआप?

ऑरिन : छळतेस तू. "...म्हणून मी छापले. ते लेदरबी यांचे आहे. ही सर्वस्वी माझी चूक. ऑरिन टिल्टन." झालं?

नोरीन : झालं. आणि कोर्टाची भिंत?

ऑरिन : आधी संचालकबाईंकडे जातो. मग भिंतीचं त्या ठरवतील. कर सही.

नोरीन : ही केली. हां, शेवटच्या नामसूचीत आता हा वकील घालावा लागेल. लेदरबी, स्वल्पविराम... पहिलं नाव काय त्याचं?

ऑरिन : ठाऊक नाही.

नोरीन : एवढ्या वर्षांत?

ऑरिन : मी कधी शोधलंच नाही.