ऐंशी टक्क्यांवर

घनसावंगी तालुक्यातल्या समस्त वाहनधारकांना गंभीरपणे कळवण्यात येतं, की नारायण मिस्त्री, म्हणजे अस्मादिक, यापुढं फक्त जुन्या जीपा पाहतील. हसा, हसा. माझं रडून झालंय.

मूळचा मी आष्टीचा. काम शिकायला जालन्याला गेल्तो, तिथं उस्तादांनी पहिल्याच दिवशी थोबाडीत देऊन सांगितलं, वायरला हात लावायच्या आधी बॅटरीचं टर्मिनल काढायचं, बिलकुल विसरायचं न्हाई. न्हाई विसरलो. काय सांगू तुम्हाला, तीस वर्षं बोनेटला कान लावून दुखणं ओळखलं, जीपवाले लांबूनच ओरडायचे, मिस्त्री, ऐका बरं, ही काय म्हणून राह्यली!

मंग गाड्यांत कॉम्प्युटर आले, नव्या गाड्या माझ्या दारावरून सरळ जालन्याला जायला लागल्या. म्हटलं, असं बसून गॅरेज बंदच पडंल. मी बी लॅपटॉप आणला, शोरूमवाल्यांकडं असतं तसलं सॉफ्टवेअर टाकलं, आणि पहिली गाडी आली ती कुणाची, तर माझ्या व्याह्यांची, लेकीच्या सासऱ्यांची. चढाला ओढत न्हाई म्हणाले. वायर जोडली. लॅपटॉप म्हणाला, इंजिनाच्या कॉम्प्युटरात नवा प्रोग्राम भरा. लावला भरायला. पडद्यावर सूचना आली, काम चालू असताना बॅटरी तोडू नका. मीच व्याह्यांना मोठ्यानं वाचून दाखवली, वर बोट नाचवून! ते खुर्चीत चहा पिऊन राह्यले, मी बोनेटपाशी उभा. ऐंशी टक्के झाले आणि मला उंदरानं कुरतडलेली एक वायर दिसली. उसाचा मुलूख, उंदीर कुणाच्या गाडीत न्हाईत? म्हटलं, तेवढी टेप मारून टाकू, अन् माझा हात, हा, हाच हात, मला न विचारता गेला आणि टर्मिनल काढून मोकळा झाला.

सगळं बंद. टर्मिनल परत बसवून चावी फिरवली, पण प्रोग्राम अर्धाच भरलेला, टिक न्हाई की टुक न्हाई.

व्याही रागावले न्हाईत, तेच जास्त लागलं. जालन्याच्या शोरूमनं गाडी नीट करून दिली. माझा लॅपटॉप फडक्यात बांधलाय. नवी गाडी आता इकडं वळत न्हाई, वळू बी नये, सुखी राहो बिचारी. पण ती मेलेली गाडी ट्रकवर ओढत होते, निम्मा बाजार बघून राह्यला होता, तेव्हा व्याह्यांना काय वाटलं कोण जाणे, एकदम बोलून गेले, अहो मिस्त्री, एकदा कान तरी लावून बघा!