देव्हाऱ्यातलं पाकीट

(दौंड, १९७४. वकिलांची कचेरी. समोर राहू गावचे सर्जेराव आणि त्यांची विधवा सून ललिता.)

सर्जेराव : शपथेवर खोटं बोललो न्हाई मी, वकीलसाहेब. आजबी बोलायचा न्हाई.

वकील : खोटं कोण म्हणतंय, आबा? निकालात काय आहे ते वाचतो. ‘मयत ज्योतिबा घरी पैसे देत होता काय, यास वडील नाही म्हणतात. सबब पगार तो स्वतःवरच खर्च करीत असावा.’ ट्रकवाल्याची चूक ट्रिब्यूनलनं मान्य केली, भरपाई मात्र नावापुरती दिली. हायकोर्टात अपील करायचं, तर तुमच्या त्या ‘नाही’चं काहीतरी करायला हवं.

सर्जेराव : खुटबावच्या फाट्यावर सायकलवरनं टेशनाला निघालेलं पोरगं उडवलं त्यानं. त्यात माझ्या खान्यापिन्याची चौकशी कशापायी?

वकील : कायदा तेच विचारतो. गेलेल्या माणसाच्या जिवावर घरात कोण होतं?

ललिता : मी बोलू का, मामा?

सर्जेराव : बोल की. आता झाकून काय उपेग?

ललिता : पगाराच्या दिवशी हे वर्कशॉपातनं आले, की पाकीट न फोडता देव्हाऱ्यात ठेवायचे, खंडोबाच्या टाकापुढं. मग मामा जाऊन हळद वाहायचे आन् पाकीट उचलायचे. लगीन झाल्यापासनं मी हेच बघत आले.

वकील : हातात का देत नव्हता?

सर्जेराव : बापाचा हात लेकाच्या हाताखाली यावा व्हय? माझ्या बापानंबी माझ्याकडनं असंच घेतलं, देवाचं म्हणून. त्या ट्रकच्या इमा कंपनीच्या वकिलानं कोर्टात इचारलं, मुलगा तुम्हाला पैसे देत होता का? न्हाई देत. कवाच दिलं न्हाईत.

वकील : अहो आबा, हे मला तेव्हाच का नाही सांगितलंत?

सर्जेराव : तुमी इचारलं न्हाई. आन् मागं बाकावर निम्मं गाव बसलं हुतं.

वकील : असो. उद्या अपिलाचा शेवटचा दिवस. आमचा कारकून सकाळच्या गाडीनं मुंबईला जाईल. सोबत तुमचं प्रतिज्ञापत्र जोडतो. नवा पुरावा हायकोर्ट घेईलच असं नाही. पण सही नसेल, तर प्रश्नच मिटला.

सर्जेराव : काय लिवलंय त्यात?

वकील : ‘माझा मुलगा ज्योतिबा मला व घरच्यांना पोसत होता.’

सर्जेराव : पोसत हुता? चार एकर बागाईत हाय माझी. गाव तोंडात शेण घालंल.

ललिता : घालू द्या. माझी मुक्ता तीन वर्सांची हाय. तुमच्या माघारी भावजी त्या बागाईतातलं ढेकूळ तरी देतील का आमाला? तुमालाबी ठावं हाय. ह्यांचा पगार घरात येत हुता, एवढं लिवून द्या. दुसरं काय मागत न्हाई मी.

वकील : हवं तर शब्द जरा मऊ करू, आबा. ‘घरखर्चास हातभार लावीत होता.’

ललिता : त्यानं अपील कच्चं पडंल का?

वकील : थोडं पडेल.

सर्जेराव : मग खोडू नका. पोसत हुता, हेच ऱ्हाऊ द्या. कुठं करायची सही?

वकील : इथं, खाली. पुन्हा वाचून दाखवू?

सर्जेराव : नको. जित्तेपणी त्याला कवा म्हणलो न्हाई मी हे.

ललिता : त्यांना ठावं हुतं, मामा. पाकीट ठेवून ते लगीच हातपाय धुवाया जायचे न्हाईत. तुमी उचलंस्तवर दाराआड थांबायचे.