कान लावणारी सून

—नाही गं पोरी, जाळीबिळी लावून काय व्हायचंय, ती वटवाघळं राहतात बांबूच्या पोटात! वही ठेव बाजूला, ऐक. तर एक होता बांबू तोडणारा, एक त्याची म्हातारी आई आणि एक त्याची बायको. बांबूच्या बेटाला लागूनच तिघांचं घर. वटवाघळं केवढी? अंगठ्याएवढी. किड्यानं पाडलेली बारीक चीर असते ना, तिच्यातून अंग चपटं करून आत शिरतात – एका पेरात वीस-वीस! म्हणून त्या घरची रीत – तोडायच्या आधी बाईनं बांबूला कान लावायचा, आत चिवचिव असली की तो सोडून द्यायचा. आधी सासू लावायची, तिला ऐकू येईना तेव्हा सून.

आणि नवरा? कोयत्याच्या मुठीइतकंही मऊ काही नव्हतं त्याच्यात. बायको 'नको' म्हणाली की तेच करणार. 'यात आहेत' म्हणाली की घातलाच घाव – पातं लाल, पिलं अर्धी-अर्धी, आणि वर हसणार, "लाव आता कान!" मग तीच मूठ तिच्या पाठीत. पहिलं पोटातलं लाथेनं गेलं. म्हातारी मध्ये पडली तर तिचा हात मोडला – सख्ख्या आईचा! पुन्हा दिवस राहिले तेव्हा सुनेनं चार महिने लपवलं, पण पोट किती लपणार? त्या सकाळी त्याला कळलं. म्हणाला, "आधी बांबू पाडू, मग तुझ्याकडे बघतो."

बेटात एक बांबू होता वाऱ्यानं वाकलेला, ताणलेला. असल्याला आधी आतल्या बाजूनं खाच द्यायची असते. थेट पाठीवर घाव घातला की उभा फाटून उसळतो – तोडणारा हे झोपेतही जाणतो. पण संतापलेला माणूस खाच देत बसतो का? नाही बसत. सुनेनं कान लावला आणि त्याचे पाय धरले, "अहो, याला हात लावू नका, पिलं आहेत आत!" घातला घाव पाठीवर. फाटला, उसळला – जबडा गेला, मान मोडली, दात पानांवर सांडले. म्हातारीनं आपला वाकडा हात सुनेच्या पोटावर ठेवला. "चल घरात," एवढंच म्हणाली. रडलं कोणी? कोणी नाही.

लोक म्हणाले, वटवाघळांचा तळतळाट. पुढे मुलगी झाली, ठणठणीत. तिला दोन झाल्या, घर भरलं, बेट घरापर्यंत आलं.

काय? त्या बांबूत किती होती? अगं, एकही नव्हतं! चीरच नव्हती त्याला, मी आदल्या दिवशी हात फिरवून बघितलं होतं ना—

वही परत कधी घेतलीस? खोड ते. खोड म्हणते ना! आणि ऊठ आता, माझ्या नाती यायची वेळ झाली.