समोरच्यांचा डबा

आमच्या आईला कुणाचा डबा रिकामा परत द्यायचा म्हणजे पाप वाटतं, माहितीये ना तुम्हाला? तर आचोळ्याला आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये रिबेकामावशी राहायला आल्या. बेने इस्रायली ज्यू, मूळच्या अलिबागकडच्या, बोलतात आपल्यासारखंच मराठी. आल्या आल्या त्यांनी स्टीलच्या डब्यातून मटण पाठवलं. आईने डबा लख्ख घासला, त्यात कोळंबीचं कालवण भरलं आणि परत दिला.

लगेच मावशी दारात. "अहो वहिनी, कोळंबी आमच्या धर्मात चालत नाही. आम्हाला मासा खवल्यांचाच लागतो. आता डबा उकळत्या पाण्यात बुडवून शुद्ध करावा लागेल."

आई ओशाळली. पण मावशींचं मन मोठं, पुढच्या रविवारी त्याच डब्यातून पुन्हा मटण आलं. आईने या वेळी नीट विचार करून गरमागरम शेवयांची खीर भरली.

मावशी पुन्हा दारात. "वहिनी, मटणाच्या डब्यात दूध? आमच्यात मटण आणि दूध एकत्र चालत नाही. परत उकळायचा आता!"

"मग देऊ तरी काय?"

"काही नको हो! तुमच्या भांड्यात शिजलेलं आम्हाला चालतच नाही. हा डबा तुम्हीच ठेवा!" डबा आईच्या हातात कोंबून मावशी गेल्या.

मी म्हटलं, "चला, सुटलीस."

"सुटले कसली? एवढा चांगला डबा दिला त्यांनी, बदल्यात काहीतरी द्यायला नको?"

"अगं, आपल्या भांड्यातलं चालत नाही म्हणाल्या ना!"

"म्हणून तर त्यांच्याच डब्यात शिजवतेय," असं म्हणत आईने डबा गॅसवर चढवला.